एक रान, अनेक बंदरं

टांझानियातल्या मोरोगोरो शहराच्या दक्षिणेला उलुगुरू डोंगररांग आहे आणि तिच्या पूर्वेकडच्या पायथ्याशी किंबोझा नावाचं राखीव जंगल. जंगल म्हटलं की डोळ्यांसमोर जो विस्तार येतो, तो इथे नाही. सगळं मिळून चार चौरस किलोमीटरच्या आसपास. मुंबईचं संजय गांधी राष्ट्रीय उद्यान शंभराच्या वर चौरस किलोमीटर आहे, त्यावरून अंदाज यावा. जमीन चुनखडीची, खडक जागोजाग वर आलेले, आणि त्या खडकांमधून उगवलेली केवड्याच्या कुळातली उंच झाडं. पँडॅनस राबाएन्सिस हे त्यांचं शास्त्रीय नाव. कोकणच्या खाड्यांकाठी केवड्याचं बन ज्यांनी पाहिलंय त्यांना हे झाड अनोळखी वाटणार नाही: कडांना काटे असलेली लांबच लांब पानं, शेंड्याशी फिरकी घेत एकात एक बसलेली. त्या पानांच्या बेचक्यात पावसाचं पाणी साठतं, ओल टिकते, किडे येतात.

आणि त्या बेचक्यात एक पाल राहते. शेपटीसकट सात-आठ सेंटिमीटर, म्हणजे माणसाच्या बोटाएवढी. नर झगझगीत निळा, पोटाकडे केशरी, गळ्यावर काळे पट्टे. मादी हिरवट, कधी पितळी झाक असलेली. बहुतेक पाली रात्री हिंडतात. ही दिवसा उन्हात येते, म्हणून हिच्या डोळ्यांतली बाहुली उभ्या चिरेची नसून गोल असते. चिकटण्याची सोय बोटांखाली असतेच, पण हिच्या शेपटीच्या टोकाखालीही तसेच खवले असतात, त्यामुळे गुळगुळीत पानावर तिला जणू पाचवा पाय मिळतो. झाडाच्या एका शेंड्यात साधारणपणे एक नर, त्याच्यासोबत एखादी किंवा अधिक माद्या आणि पिल्लं. दुसरा नर आला की भांडण. तिचं सगळं जग म्हणजे केवड्याचा तो एक शेंडा.

हार्वर्डच्या संग्रहालयात काम करणाऱ्या आर्थर लव्हरिज यांनी १९५२ मध्ये हिचं वर्णन प्रसिद्ध केलं आणि आपले सहकारी अर्नेस्ट विल्यम्स यांच्या नावावरून तिला लायगोडॅक्टायलस विल्यम्सी असं नाव दिलं. किंबोझा, जवळचं रुवू जंगल आणि आसपासचे दोन लहान तुकडे एवढ्यातच ती सापडते. पुढची पन्नास वर्षं अभ्यासकांखेरीज फारसं कुणी तिच्याकडे पाहिलं नाही. मग पाळीव प्राण्यांच्या बाजारात ती ‘इलेक्ट्रिक ब्लू’ या नावाने आली.

पुढे काय झालं याचा हिशेब बॉनच्या अलेक्झांडर कोएनिग संग्रहालयातल्या मॉरिस फ्लेक्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये ‘सालामान्द्रा’ या नियतकालिकात मांडला. डिसेंबर २००४ ते जुलै २००९ या काळात, पकडणाऱ्यांच्या फक्त एका टोळीने, किंबोझातून किमान ३२,३१० ते ४२,६१० पाली नेल्या असाव्यात असा त्यांचा अंदाज होता. त्या वेळच्या रानातल्या एकूण संख्येच्या हे सुमारे १५ टक्के. ही झाली एका टोळीची गोष्ट. बाकीच्यांचा हिशेब कुणी ठेवलेला नाही.

आकड्याहून मला जास्त अस्वस्थ करते ती पकडण्याची पद्धत. पाल उंच शेंड्यात असते आणि माणसाची चाहूल लागताच पानांच्या मुळाशी दडते. तिला तिथून काढण्याचा सोपा उपाय म्हणजे झाडच तोडायचं. शेंडा खाली आला की पानं उपसून आत दडलेल्या पाली उचलायच्या. एक नर आणि दोन माद्या हाती लागतात आणि त्यांच्या मागे रिकामं झालेलं घरच उरत नाही. तिथे पुन्हा विल्यम्सी येणार कशी? नवा केवडा वाढायला वर्षं लागतात. त्यातच किंबोझात सेड्रेला ओडोराटा हे मध्य आणि दक्षिण अमेरिकेतलं, लाकडासाठी लावलेलं झाड मोकाट पसरलंय आणि मूळच्या झाडांची जागा घेतंय. वणवे आहेत, लाकूडतोड आहे. पाळणाऱ्यांची मागणी या सगळ्याच्या वर येऊन पडली.

टांझानियाने ही पाल पकडून परदेशी पाठवायला परवानगी दिलेली नव्हती. तरी ती युरोप, अमेरिका, जपानपर्यंत पोचली, कारण कागदावर तिच्याऐवजी तिच्याच प्रजातीतल्या दुसऱ्या, साध्या तपकिरी बहिणींची नावं लिहिली जात. विमानतळावरच्या अधिकाऱ्याने बोटाएवढ्या पालींनी भरलेल्या डब्यांत जात ओळखायची कशी? २०१२ मध्ये आययूसीएन या निसर्गसंवर्धनाच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने तिला ‘अतिसंकटग्रस्त’ ठरवलं. २०१६ मध्ये जोहान्सबर्गला साइटीस या वन्यजीव-व्यापारावरच्या आंतरराष्ट्रीय कराराची परिषद भरली, तिथे युरोपीय संघ आणि टांझानिया यांच्या प्रस्तावावरून तिचा समावेश परिशिष्ट एकमध्ये झाला, म्हणजे वाघ ज्या यादीत आहे त्या यादीत. जानेवारी २०१७ पासून रानातल्या विल्यम्सीचा आंतरराष्ट्रीय व्यापार बंद आहे.

आता दुसरी पाल. आकाराने जवळपास विल्यम्सीएवढीच, कदाचित किंचित जास्त लांब. रंगाने मातकट, पाठीवर नागमोडी गडद रेषा, दिव्याखाली कधी फिकट तर कधी काळपट होणारी. लेपिडोडॅक्टायलस लुगुब्रिस. हिची नोंद १८३६ मध्ये दुमेरील आणि बिब्रों या फ्रेंच शास्त्रज्ञांनी केली, ताहितीहून आलेल्या नमुन्यांवरून. आज ही श्रीलंका, मालदीव, आपले अंदमान-निकोबार, आग्नेय आशिया, प्रशांत महासागरातली असंख्य बेटं, हवाई, मध्य अमेरिकेचा किनारा आणि गालापागोस इतक्या ठिकाणी आहे. एकीला जंगलाचे मोजके तुकडे आणि दुसरीला अर्धा विषुववृत्त.

हे जमलं कसं? लुगुब्रिसमध्ये नर नाहीत. क्वचित एखादा जन्मतो, तोही बहुधा प्रजननाला निरुपयोगी. मादी फलनाशिवाय अंडी घालते आणि त्यांतून तिच्याच गुणसूत्रांच्या मुली बाहेर येतात. दोन वेगळ्या जातींच्या संकरातून ही वंशावळ सुरू झाली. काही वंशांत गुणसूत्रांचे दोन संच, काहींत तीन. त्यामुळे लुगुब्रिस ही एक जात म्हणावी की एकमेकींना समांतर चाललेल्या अनेक प्रतिरूप-वंशांचा गोतावळा, हा अभ्यासकांचा जुना वाद आहे. माझं मत दुसऱ्या बाजूला झुकतं. हवाईतली लुगुब्रिस आणि फिजीतली लुगुब्रिस यांना एकमेकींशी जोडणारं पुनरुत्पादनाचं कुठलंच नातं उरलेलं नाही.

प्रवासाच्या दृष्टीने याचा अर्थ सरळ आहे. नवं बेट वसवायला जोडी लागत नाही, एक मादी पुरते. मादीही लागत नाही, एक अंडं पुरतं. ती एका वेळी दोन अंडी घालते आणि ती सालीच्या फटीत, होडीच्या फळीत, केळीच्या घडात, कुंडीच्या बुडाशी पक्की चिकटवते. अंड्याचं कवच कडक असतं, पिल्लू बाहेर यायला दोन ते तीन महिने लागतात, आणि तेवढ्यात होडी कुठल्या कुठे गेलेली असते. पॉलिनेशियन दर्यावर्दींच्या होड्यांतूनच ती हवाईला पोचली असावी असं मानलं जातं. नंतर जहाजं आली, मग रोपवाटिकांच्या कुंड्या. आपल्याकडे याच मार्गाने जग पालथं घातलेला दुसरा एक प्राणी आहे: वाळा. न्हाणीघराच्या मोरीत, कुंडीखाली सापडणारा, गांडुळाएवढा, पूर्णपणे निरुपद्रवी साप. त्याच्यातही फक्त माद्या, आणि तोही कुंड्यांतल्या मातीतून खंडोखंडी गेला.

आता पाळण्याचा प्रश्न. या दोन्ही पाली छंदी लोकांच्या याद्यांवर जवळजवळ ठेवलेल्या असतात: लहान आकार, लहान काचपेटी, हिरव्यागार झाडांची सजावट. पण पेटीत शिरल्यावर त्यांचे रस्ते वेगळे होतात.

लुगुब्रिसला फारसं काही लागत नाही. तीसेक सेंटिमीटर लांबी-रुंदीची आणि पंचेचाळीस सेंटिमीटर उंचीची उभी पेटी तीन-चार जणींना पुरते. बावीस ते सत्तावीस अंश तापमान, दमट हवा, दिवसातून एकदा पाण्याचा फवारा, दडायला बांबू आणि सालीचे तुकडे. खायला फळमाश्या, बारीक रातकिडे आणि पाण्यात कालवून देता येणारं फळांचं तयार पीठ. मध आणि परागही तिला आवडतात. किड्यांवर कॅल्शियमची पूड भुरभुरून द्यायची, कारण अंडी सतत घातली जातात. नीट पोसलेल्या मादीच्या घशाच्या दोन्ही बाजूंना पांढरे फुगवटे दिसतात. पहिल्यांदा पाहणाऱ्याला गाठच वाटते, पण तो असतो कॅल्शियमचा साठा. संध्याकाळ झाली की त्या बाहेर पडतात, एकमेकींना दटावतात, चिकचिक आवाज करतात. कोण कुठे बसणार, कोण आधी खाणार याची उतरंड ठरलेली असते. आणि मोठ्या माद्या संधी मिळाली तर पिल्लांना खातात, अगदी स्वतःच्यासुद्धा. ज्यांना पिल्लं वाढवायची त्यांना अंडी वेगळी ठेवावी लागतात, पण अंडी भिंतीला डकवलेली, खरवडली तर फुटतात. म्हणून काचेवरच छोटा जाळीदार कप उलटा लावायचा.

विल्यम्सीची गरज वेगळी. तिला ऊन हवं. पेटीत एका कोपऱ्यात बत्तीस अंशांच्या वर जाणारी उबेची जागा, बाकी पेटी पंचवीस-सव्वीसवर, रात्री आणखी थंड. अतिनील किरणांचा दिवा नसेल तर कॅल्शियम कितीही दिलं तरी हाडं मऊ पडतात. नर एकच ठेवायचा. दुसरा ठेवला तर हरलेला दबून राहतो, काळपट पडतो आणि खाणं सोडतो. रंग हा हिच्या प्रकृतीचा आरसा आहे: निरोगी, निवांत नर निळा; थंडावलेला, घाबरलेला, आजारी नर राखाडी. म्हणजे ज्या निळाईसाठी माणूस तिला घरी आणतो, ती निळाई तिला बरं वाटत असेल तरच दिसते. हाताळायची ही पाल नव्हेच. बोटाच्या चिमटीत शेपूट राहते आणि पाल कपाटामागे जाते. रानातून पकडून, डब्यात कोंबून, अर्ध्या जगाचा प्रवास करून आलेली विल्यम्सी जंतांनी पोखरलेली आणि तहानलेली असते. पेटीत जन्मलेली तिच्या मानाने पुष्कळ चिवट.

आणि ती पेटीत जन्मू शकते, हे महत्त्वाचं. मादी दोन-दोन अंडी घालत राहते, पिल्लं जगतात, अनेक युरोपीय प्राणिसंग्रहालयं आणि जबाबदार पाळणारे तिची पैदास करत आले आहेत. मग रानातून आणायची गरजच काय होती? एवढीच की पैदास करायला दिवे, जागा, किडे आणि वर्षं लागतात. झाड तोडायला दुपार पुरते. रानातली पाल स्वस्त पडली की पैदास करणाऱ्याची महाग ठरते. खरेदी करणारा दोन्ही पाहतो, दोन्ही सारख्याच निळ्या असतात, आणि तो स्वस्त उचलतो. आपला पैसा किंबोझातल्या कुऱ्हाडीपर्यंत पोचला हे त्याला कळतही नाही. या व्यवहारात मी ग्राहकाला निर्दोष मानत नाही. जन्माचा पुरावा मागणं त्याच्या हातात असतं.

म्हणून ‘पाळायला सोपी कोणती’ या प्रश्नाचं उत्तर लुगुब्रिस असलं, तरी तेवढ्यावर थांबणं मला पटत नाही. विल्यम्सीच्या बाबतीत आपल्यापासून तिला जपायचं आहे. लुगुब्रिसच्या बाबतीत तिच्यापासून आपल्या परिसराला. पेटीच्या दाराची फट राहिली आणि विल्यम्सीची मादी पुण्यातल्या बाल्कनीत निसटली, तर तिची कथा तिथेच संपते. लुगुब्रिस निसटली, आणि बाहेर मुंबई-रत्नागिरीसारखी उबदार, दमट हवा असेल, तर कथा सुरू होऊ शकते. पेटीतली रोपं दुसऱ्याला देताना पानामागे चिकटलेलं अंडं गेलं तरी तेवढ्याने काम भागतं.

अर्थात नव्या मुलखात गेलं की ती जिंकतेच असं नाही, आणि हवाईची हकिगत त्यासाठी वाचण्यासारखी आहे. तिथे आधी घरांच्या दिव्यांखाली लुगुब्रिसचं राज्य होतं. विसाव्या शतकाच्या मध्यावर तिथे हेमिडॅक्टायलस फ्रेनेटस पोचली. दक्षिण आणि आग्नेय आशियात भिंतींवर दिसणारी, ट्यूबलाइटमागे चुकचुकणारी ही घरपाल. आपल्याकडे ती अंगावर पडली तर पंचांगात फळ पाहणारी घरं अजून आहेत. घरपाल अंगाने मोठी, धीट आणि वेगवान. केनेथ पेट्रेन, डग्लस बोल्गर आणि टेड केस यांनी १९९३ मध्ये ‘सायन्स’ मध्ये दाखवलं की दिव्यापाशी किडे एका जागी गोळा झाले की घरपाल ते आधी फस्त करते आणि लुगुब्रिस मागे सरते. पुढे पेट्रेन आणि केस यांनी विमानांच्या हँगरमध्ये प्रयोग केले. सपाट भिंतीवर आडोसे उभे केले की घरपालीचा फायदा घटतो आणि लुगुब्रिसला जागा मिळते. उघडी भिंत आणि प्रखर दिवा या दोन गोष्टी आपण बांधतो, आणि त्यांवर कोणती पाल टिकणार हे त्याच ठरवतात.

तेव्हा महाराष्ट्रातल्या घरांत घरपाली असताना लुगुब्रिस दिव्याखाली टिकेल का, यावर शंका घ्यायला जागा आहे. पण दिव्यांपलीकडे बागा आहेत, नारळी-पोफळी आहेत, सालींच्या फटी आहेत, आणि तिथे आपल्या स्वतःच्या लहान पाली आहेत. माझी खरी काळजी त्यांची आहे.

सह्याद्रीत निमास्पिस नावाची एक प्रजाती आहे. विल्यम्सीसारख्याच दिवसा हिंडणाऱ्या, गोल बाहुलीच्या, बोटाएवढ्या पाली. दरडीवर, ओल्या कातळावर, जुन्या देवळाच्या चिऱ्यांत त्या दिसतात, आणि बहुतेकजण ‘पालीचं पिल्लू’ म्हणून पुढे जातात. २०१६ मध्ये आंबोलीहून पिवळ्या पोटाची निमास्पिस फ्लॅव्हिव्हेंट्रालिस नोंदवली गेली. २०१८ मध्ये अमित सय्यद, अलेक्झांडर पायरन आणि दिलीपकुमार यांनी उत्तर सह्याद्रीतून एकदम चार जाती मांडल्या. त्यांतल्या एकीला आंबोलीचं नाव मिळालं: आंबोलिएन्सिस. त्यानंतर नव्या जातींची भर थांबलेली नाही. अनेकींचा मुलूख एखादा घाट, एखादं पठार, एखादी डोंगरसोंड. किंबोझाची अवस्था आपल्याकडे अशी ठिकठिकाणी विखुरलेली आहे. रस्ता रुंद करताना कापलेली एक दरड कुणाचं तरी अख्खं घर असू शकते, आणि आपल्याला ते ठाऊकही नसतं.

सुदैवाने यांतल्या बहुतेकींना विल्यम्सीची निळाई नाही. पण काही नर देखणे आहेत, आणि बाजाराला नावीन्य पुरतं. १९९९ मध्ये चीन-व्हिएतनाम सीमेजवळून गोनियुरोसॉरस लुई ही पाल वर्णिली गेली. शोधनिबंधातलं ठिकाण वाचून व्यापाऱ्यांचे लोक तिथे पोचले. २००६ मध्ये ब्रायन स्टुअर्ट, अँडर्स ऱ्होडिन, ली ग्रिस्मर आणि ट्रॉय हान्सेल यांनी ‘सायन्स’ मध्ये हा धोका उघड मांडला: नव्या जातीचं वर्णनच तिच्या मुळावर येऊ शकतं. त्यांनी दिलेल्या दाखल्यांत लाओसचा एक सॅलॅमँडर आणि इंडोनेशियाच्या रोटी बेटावरचं एक कासव होतं. तेव्हापासून अभ्यासकांमध्ये वाद आहे. नेमकं ठिकाण न छापलं तर दुसऱ्या संशोधकाने पडताळणी करायची कशी, आणि वनखात्याने संरक्षण द्यायचं कुठे? छापलं तर पकडणाऱ्याला नकाशाच मिळतो. तालुका आणि डोंगराचं नाव सर्वांसाठी छापावं, कातळाचे अक्षांश-रेखांश संग्रहालयाच्या आणि वनखात्याच्या दप्तरात ठेवावेत आणि मागणाऱ्याची ओळख पटवून द्यावेत, हा मार्ग मला पटतो. शिवाय समाजमाध्यमांवर फोटो टाकताना आपणच फोनने नोंदवलेलं ठिकाण काढून टाकायला हवं. आंबोलीला पावसाळ्यात बेडूक-पाली पाहायला जाणाऱ्यांची संख्या वाढलीय, तिथे हे सांगणं फार गरजेचं झालंय.

कायद्याचं म्हणाल, तर वन्यजीव संरक्षण कायद्यात २०२२ मध्ये दुरुस्ती झाली आणि ती एप्रिल २०२३ पासून लागू आहे. साइटीसच्या याद्यांतले परदेशी प्राणी तिने स्वतंत्र चौथ्या अनुसूचीत आणले. असा प्राणी बाळगणाऱ्याने तो नोंदवायचा, जन्म आणि हस्तांतर कळवायचं. त्याचे नियम फेब्रुवारी २०२४ मध्ये निघाले आणि नोंदणी ‘परिवेश’ संकेतस्थळावर होते. म्हणजे विल्यम्सी भारतात बाळगायची तर ती कुठून आली हे कागदावर दाखवावं लागेल. लुगुब्रिस साइटीसच्या यादीत नाही, त्यामुळे तिच्याबाबतीत ही चाळणी लागतच नाही. आणि माझ्या मते हीच फट आहे. यादी ठरते ती प्राण्याला व्यापारापासून धोका किती यावर. प्राण्यापासून इथल्या रानाला धोका किती, याचा विचार आयात परवाने देताना वेगळा व्हायला हवा. मुंबई आणि चेन्नईच्या विमानतळांवर बँकॉकहून येणाऱ्या सामानात सरडे, अजगर, कासवं सापडल्याच्या बातम्या वारंवार येतात. त्या सामानात एखादी मातकट, बोटाएवढी पाल असली तर ती कुणाच्या नजरेत भरेल?

ज्यांना लहान पालीचं वेड लागलंय, आणि ते लागण्यासारखं आहे हे मी मनापासून मानते, त्यांनी विकत घेण्याआधी विकणाऱ्याला तीन गोष्टी विचाराव्यात. ही कुठल्या पेटीत, कुणाकडे जन्मली? तिच्या आईबापांची नोंद आहे का? आणि निसटली तर तुमच्या गावात ती जगेल का? तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर विकणारा देणार नाही, ते आपल्यालाच शोधावं लागतं. त्यासाठी तापमान आणि पावसाची नोंद पुरते. जर्मनीतल्या हिवाळ्यात लुगुब्रिस खिडकीबाहेर जगत नाही, म्हणून तिथल्या छंदी माणसाने ती पाळण्यात मला गैर दिसत नाही. रत्नागिरीत, पणजीत, अलिबागमध्ये मात्र ती पाळूच नये. आणि विल्यम्सी, जन्माच्या कागदाशिवाय, कुठेच नको.